राष्ट्रगीत संपल्यावरचा देश

(तेलीबाग, लखनौ येथे मराठी विद्यार्थ्यांच्या बैठकीत केलेलं भाषण)



रायबरेली रोडवरच्या या तेलीबागेत आपण मराठीत बोलतोय, कारण बाबासाहेबांच्या नावाचं केंद्रीय विद्यापीठ इथून जवळ आहे. आज मला नागराज मंजुळेंबद्दल बोलायचंय. त्यांच्याबद्दल दोन गोष्टी हमखास सांगितल्या जातात : त्यांनी सोसलं, आणि जे सोसलं ते पडद्यावर आणलं. खरंच आहे. पण त्यांनी विचार मांडला, असं सहसा कुणी म्हणत नाही. समाजशास्त्रांतली हीच विभागणी गोपाळ गुरूंनी उघडी पाडली होती : सिद्धांत वरच्यांचा, आपण फक्त अनुभव पुरवायचा.

माझ्या मते मंजुळे राष्ट्र या कल्पनेचे गंभीर विचारवंत आहेत.

'फँड्री' हा सिनेमा २०१३ चा. फँड्री म्हणजे कैकाडी भाषेत डुक्कर. जब्याचं कुटुंब गावादेखत डुक्कर धरतंय, गाव हसतंय. तेवढ्यात शाळेतून राष्ट्रगीत ऐकू येतं. जब्या थांबतो, घरचेही थांबतात. डुक्कर निसटतं. राष्ट्रगीत संपतं, पुन्हा तीच धावपळ, तेच हसणं.

देशाचा मान या कुटुंबाने राखला. मग त्या कुटुंबाचा मान कुणी राखायचा? २५ नोव्हेंबर १९४९ ला बाबासाहेबांनी संविधान सभेत विचारलं होतं की हजारो जातींत वाटले गेलेले लोक राष्ट्र कसे होतील. जाती राष्ट्रविरोधी आहेत, असं ते स्पष्ट म्हणाले. तोच युक्तिवाद मंजुळे एका डुकरावर उभा करतात. पुढे तेच डुक्कर खांद्यावर घेऊन हे लोक शाळेच्या भिंतीजवळून जातात, आणि भिंतीवर बाबासाहेब, जोतिबा, सावित्रीमाई. कुणीही भाषण देत नाही. भिंतीवरचा विचार आणि भिंतीखालचं जगणं यांतलं अंतर आपणच मोजायचं.

'झुंड' आला २०२२ मध्ये. त्यात एका आदिवासी मुलीला फुटबॉल खेळायला परदेशी जायचंय, म्हणून पासपोर्ट हवाय. ती इथलीच आहे हे सिद्ध करायला तिला आणि तिच्या वडिलांना कागदांमागे वणवण करावी लागते. म्हणजे राष्ट्र तिच्याकडून आधी पुरावा मागतं, ओळख नंतर देतं.

हे आपल्याला नवं नाही. जातीच्या दाखल्यासाठी माझ्याकडे आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला मागितला होता. ज्यांना शाळेत पाऊलच टाकू दिलं नाही, त्यांनी शाळा सोडल्याचा कागद आणायचा कुठून? घरातला पहिला पदवीधर या प्रश्नापाशी येऊन उभा राहतो. तो प्रश्न माझा एकट्याचा असता तर ती तक्रार झाली असती. हजारोंचा आहे, म्हणून तो राष्ट्राबद्दलचा सिद्धांत आहे.

मंजुळेंकडून मी हे शिकलो. तुमच्यापैकी बरेच जण उद्या शोधनिबंध लिहाल. मार्गदर्शक म्हणतील, तुमचे अनुभव छान आहेत, ते घाला. जरूर घाला. पण निष्कर्षाचं प्रकरण दुसऱ्याच्या पुस्तकातून उचलू नका. ते तुम्हीच लिहा, आणि त्याखाली आपलं पूर्ण नाव आडनावासकट लिहा.

जय भीम, जय सावित्री.