‘लोखंडी भिंती’चा लेखक : व्लादिमीर जाबोटिन्स्की
(अभ्यासवर्गातील भाषण)



इस्रायलमधील उजव्या राजकारणाचा विषय निघाला की बेगिन, शॅरॉन, नेतान्याहू ही नावे चटकन ओठांवर येतात. परंतु ज्याच्या शिकवणुकीवर या राजकारणाची उभारणी झाली, तो माणूस कधी मंत्री झाला नाही की सेनापती झाला नाही. इस्रायलचे राज्य स्थापन होण्यापूर्वी आठ वर्षे तो निधन पावला होता. व्यवसायाने तो पत्रकार होता. व्लादिमीर जाबोटिन्स्की हे त्याचे नाव. विरोधकाचा विचार त्याच्या चेल्यांच्या घोषणांवरून नव्हे, तर त्याच्या स्वतःच्या मांडणीवरून जोखावा लागतो. जाबोटिन्स्कीच्या बाबतीत तर हे विशेषच आवश्यक आहे, कारण त्याने आपले म्हणणे कधी आडपडद्याने मांडले नाही.

जाबोटिन्स्की १८८० साली ओडेसा येथे एका ज्यू कुटुंबात जन्मला. विद्यार्थिदशेतच तो तेथील रशियन दैनिकासाठी रोमहून वार्तापत्रे पाठवू लागला. ‘आल्तालेना’ या टोपणनावाने लिहिलेल्या त्याच्या लेखांनी ओडेसाच्या वाचकांना वेड लावले. लेखक म्हणून तो सामान्य नव्हता. हिब्रू कवी बियालिक याच्या कविता त्याने रशियन भाषेत आणल्या. ओडेसाच्या जीवनावरील त्याची कादंबरी आजही वाचली जाते.

१९०३ साली किशिनेव्ह येथे ज्यूंची कत्तल झाली. ४९ माणसे मारली गेली, शेकडो घरे लुटली गेली आणि झारशाहीचे पोलीस पाहत राहिले. याच सुमारास जाबोटिन्स्की झायोनवादी चळवळीत ओढला गेला. येथे एक गोष्ट स्पष्टपणे सांगितली पाहिजे. ज्यूंवरील अत्याचार ही झायोनवाद्यांनी रचलेली कहाणी नव्हती. तो युरोपातील प्रतिगामी सत्तांचा खराखुरा गुन्हा होता आणि हिटलरने तो साठ लक्ष ज्यूंच्या संहारापर्यंत नेला. आमच्या कोकणातील बेने इस्रायल समाज शतकानुशतके तेल गाळीत, शेती करीत आणि मराठी बोलत नांदला. किशिनेव्हचा अनुभव त्याच्या वाट्याला आला नाही. झायोनवादाला विरोध करणाऱ्याने ज्यूद्वेषाला आपल्या शेजारी क्षणभरही बसू देता कामा नये.

प्रश्न खरा होता. वाद होता तो उत्तराचा. १८९७ साली विल्ना येथे स्थापन झालेल्या ‘बुंद’ या ज्यू कामगारांच्या संघटनेचे उत्तर होते : जेथे आहोत तेथेच, इतर कामगारांच्या खांद्याला खांदा लावून लढायचे. जाबोटिन्स्कीचे उत्तर होते : येथून जायचे, पॅलेस्टाइनमध्ये बहुसंख्य व्हायचे आणि त्यासाठी सैन्य उभारायचे. परंतु सैन्य उभारायचे तर कोणा साम्राज्याची छत्रछाया हवी. पहिल्या महायुद्धात त्याने ब्रिटिश सैन्यात ज्यू पलटणी उभारण्यासाठी खटपट केली आणि १९१७ साली ती तडीस नेली. त्याच वर्षीच्या बाल्फोर जाहीरनाम्याने ब्रिटनने पॅलेस्टाइनमध्ये ज्यूंच्या ‘राष्ट्रीय गृहा’चे वचन दिले, ज्यांची ती भूमी, त्यांना कोणी विचारले नाही. १९२१ साली तर जाबोटिन्स्कीने पेटल्युराच्या युक्रेनियन सरकारच्या प्रतिनिधीशी करार केला. या राजवटीच्या सैनिकांनी दोनच वर्षांपूर्वी हजारो ज्यूंचे रक्त सांडले होते. स्वतः झायोनवादी चळवळीतही या कराराने संताप उसळला.

आता मुख्य मुद्द्याकडे. ४ नोव्हेंबर १९२३ रोजी बर्लिनहून निघणाऱ्या ‘रस्स्व्येत’ या रशियन साप्ताहिकात जाबोटिन्स्कीचा ‘लोखंडी भिंत’ हा लेख प्रसिद्ध झाला. त्या काळी झायोनवादाच्या मवाळ पुढाऱ्यांची भाषा अशी होती की, ज्यू वसाहतींमुळे शेती सुधारेल, उद्योग येतील, अरबांची भरभराट होईल आणि मग ते आपण होऊन संमती देतील. जाबोटिन्स्कीने ही भाषा साफ झुगारली. त्याचे म्हणणे असे : जगाच्या इतिहासात कोणत्याही मूलनिवासी जनतेने आपल्या देशात परक्यांची वसाहत राजीखुशीने होऊ दिलेली नाही. मेक्सिकोच्या ॲझ्टेकांनी ती होऊ दिली नाही, उत्तर अमेरिकेच्या सू जमातीनेही नाही. पॅलेस्टाइनचे अरब हेही एक जिवंत राष्ट्र आहे. चार पैशांच्या समृद्धीसाठी ते मायभूमी विकतील असे समजणे हा त्यांचा अपमान आहे. आशेचा किरण असेतोवर ते लढतील.

साम्राज्यवादाविरुद्ध लढणारा कोणीही या निरीक्षणाखाली सही करील. पण पुढचे पाऊल पाहा. एखादे राष्ट्र संमती देत नाही म्हणून तेथे जाऊ नये, असा निष्कर्ष कोणी काढील. जाबोटिन्स्कीने नेमका उलटा काढला. संमती मिळणार नाही, म्हणून संमतीवाचून वसाहत करायची; स्थानिकांना ओलांडता येणार नाही अशा सशस्त्र शक्तीच्या भिंतीआड करायची; त्यांची शेवटची आशा मावळली की मग मवाळ मंडळी पुढे येतील आणि तडजोड होईल. न्यायाने हेही सांगितले पाहिजे की अरबांना हाकलून लावणे त्याने याच लेखात अशक्य मानले आणि समान हक्कांची तयारी दर्शविली. १९४० च्या पुस्तकात तर पंतप्रधान ज्यू असेल तेव्हा उपपंतप्रधान अरब असावा अशी योजनाही मांडली. पण ज्या हक्कांची बोलणी समोरच्याची कंबर मोडल्यावरच सुरू व्हायची, ते हक्क देणाऱ्याच्या मर्जीवरच राहणार.

जो परक्या राष्ट्राबाबत हा न्याय लावतो, तो आपल्या कामगारांना कोणता लावील? १९२३ साली रीगा येथे ‘बेतार’ ही गणवेशधारी युवक संघटना निघाली, १९२५ मध्ये पॅरिसला ‘रिव्हिजनिस्ट’ पक्ष स्थापन झाला. देशउभारणीच्या काळात वर्गलढा नको, संपाऐवजी सक्तीचा लवाद हवा, ही त्यांची मागणी. सक्तीच्या लवादाचा अर्थ गिरणी कामगाराला समजावून सांगावा लागत नाही! १९३२ साली जेरुसलेममधील एका बिस्किट कारखान्यात संप झाला तेव्हा बेतारचे तरुण संपफोडे म्हणून आत शिरले. त्याच वर्षी जाबोटिन्स्कीने यिद्दिश भाषेत लेख लिहून ‘हिस्ताद्रुत’ या कामगार महासंघाची मक्तेदारी मोडण्याचे उघड समर्थन केले. त्याचा सहकारी अहीमेइर याने तर १९२८ साली ‘एका फॅसिस्टाच्या वहीतून’ या मथळ्याचे सदरच चालविले होते. जाबोटिन्स्की स्वतःला उदारमतवादी म्हणवी. सदर मात्र त्याच्याच सहकाऱ्याच्या लेखणीतून उतरले होते.

म्हणून हिस्ताद्रुतचे नेते निर्दोष ठरतात काय? मुळीच नाही. बेन-गुरियनने १९३३ साली जाबोटिन्स्कीला ‘व्लादिमीर हिटलर’ म्हटले आणि पुढच्याच वर्षी लंडनला त्याच्याशी समझोता केला. तो फेटाळला सामान्य सभासदांनी. अरब कामगारांना हिस्ताद्रुतचे पूर्ण सभासदत्व मिळण्यासाठी १९५९ साल उजाडावे लागले. इस्रायलच्या अरब नागरिकांवरील लष्करी अंमल १९६६ पर्यंत चालू होता आणि १९६७ साली पश्चिम किनारा व गाझा व्यापले गेले, ते मजूर पक्षाच्याच राजवटीत. भिंतीचा नकाशा उजव्यांनी काढला, पण पहिल्या विटा रचल्या त्या ‘समाजवादी’ म्हणविणाऱ्यांनी. याच देशात १९५६ साली कफ्र कासिम येथे पन्नासाच्या आसपास निःशस्त्र अरब गावकरी मारले गेले, तेव्हा सेन्सॉरचा पडदा फाडून ती कत्तल जगापुढे आणली कम्युनिस्ट खासदार तौफिक तुबी आणि मेइर विल्नेर यांनी. एक अरब, दुसरा ज्यू.

ऑगस्ट १९४० मध्ये न्यूयॉर्कजवळील बेतारच्या शिबिरात जाबोटिन्स्की मरण पावला. त्याचा शिष्य मेनाखेम बेगिन ‘इर्गुन’चा प्रमुख झाला, एप्रिल १९४८ मध्ये देइर यासीनची कत्तल इर्गुनने आणि लेही टोळीने केली. त्याच वर्षी बेगिनचा पक्ष निघाला तेव्हा आइन्स्टाइनसह अनेक ज्यू विचारवंतांनी जाहीर पत्र लिहून त्याची तुलना नाझी आणि फॅसिस्ट पक्षांशी केली. १९७७ साली बेगिन पंतप्रधान झाला. १९४० साली न्यूयॉर्कला जाबोटिन्स्कीबरोबर काम करणाऱ्या बेन्झिऑन नेतान्याहूचा मुलगा १९९६ साली प्रथम त्याच पदावर आला.

भारताने नोव्हेंबर १९४७ मध्ये पॅलेस्टाइनच्या फाळणीविरुद्ध मत दिले. त्याच्या पुढच्याच महिन्यात सावरकरांनी ज्यू राज्याचे स्वागत करून भारताच्या या मताचा निषेध केला. धर्म आणि भूमी यांची सांगड घालून राष्ट्र बनविणाऱ्यांना हे नाते कोणी शिकवावे लागले नाही.

जाबोटिन्स्कीच्या लेखाला शंभर वर्षे उलटून गेली. २१ जानेवारी २०२५ रोजी इस्रायली सैन्याने पश्चिम किनाऱ्यावरील जेनिन येथे मोठी लष्करी मोहीम सुरू केली आणि ती तुलकर्मपर्यंत पसरली. काही आठवड्यांत तेथील निर्वासित छावण्यांतून सुमारे ४० हजार माणसे बाहेर काढली गेली. त्यांतील बहुतेकांचे आईबाप वा आजे-आज्या १९४८ साली एकदा घरांतून निघालेच होते. या मोहिमेला सैन्याने नाव दिले : ‘लोखंडी भिंत’.