हाती आले म्हणून फोडायचे नसते

(इंदिरानगर, बेंगळुरू येथील कामगार सभेतील भाषण)



आपण पाकिटे वाहतो, फोडत नाही. विश्वासाने दिलेल्या खाजगी छायाचित्राचेही तसेच आहे. ते पसरले की स्त्रीची झोप जाते, नोकरी सुटते, घरात तोंड लपवावे लागते.

भारतीय न्याय संहितेचे कलम 77 सांगते : खाजगी क्षणाचे चित्र काढायला तिची संमती असली, तरी पसरवायला नसेल, तर तो गुन्हाच. पहिल्यांदा 1 ते 3 वर्षे कैद. 2018 मध्ये पश्चिम बंगालमधील तामलुक न्यायालयाने अशा प्रकरणात 5 वर्षांची शिक्षा दिली.

गुन्हा मिरजेत घडला, तरी तक्रार इथल्या ठाण्यात देता येते. पुरावा जपावा.

लाज पसरवणाऱ्याला वाटावी. असे चित्र आमच्या हाती आले, तर ते पुढे जाणार नाही. आम्ही त्या भगिनीसोबत ठाण्यात जाऊ!