टेलपर्यंत वेळ पोचत नाही

(बुलडाण्यात तरुणांच्या अभ्यासवर्गात केलेलं भाषण)

दोस्तांनो,

आज एक खोटी नदी सांगतो. तिच्यात पाणी नाही, वेळ वाहते. ज्याच्या वाट्याला जेवढी ओंजळ, तेवढं त्याचं आयुष्य पुढं सरकतं. तुम्ही म्हणाल, हा कवी कधी झाला? नाही बाबांनो. मला पाटपाण्याचा हिशोब करायचाय.

शाळेपासून आपल्याला एक थाप मारली. काळ सगळ्यांना सारखा. साफ खोटं. गावची नदी आठवा. वरच्या अंगाला त्यांचा घाट, खालच्या अंगाला आपला. त्यांनी धुतलं, खंगाळलं, की उरलेलं आपल्याकडं. वेळेचंही तसंच. पाटाच्या तोंडाशी ज्याचं रान, तो आधी भिजवतो. टेलचा माणूस फावडं घेऊन रातभर बांधावर बसतो. पाटकरी सांगतो, सोडलंय वरून, येईल. माझ्या आजीची पिढी हेच ऐकत गेली. येईल. वेळ आली की होईल.

आता खऱ्या नद्या पाहा. आपला जिल्हा अजिंठ्याच्या डोंगररांगेवर बसलाय. उत्तरेला घरंगळलेला थेंब नळगंगेतून पूर्णेत, पूर्णेतून तापीत, पश्चिमेच्या समुद्राला जातो. दक्षिणेला गेला तर पैनगंगेतून नाहीतर खडकपूर्णेतून शेवटी गोदावरीत, पूर्वेच्या समुद्राला. ढग एक, समुद्र दोन. कुठं पडलास, एवढ्यावर सगळं ठरलं. जात दुसरं काय करते? फरक एवढाच की तो डोंगर निसर्गानं घातला, आणि हा माणसानं. माणसानं घातलेला माणूस फोडू शकतो.

खडकपूर्णेच्या मुलखात मेहुणाराजा आहे. चोखोबांचं जन्मगाव ते हेच, असं मानतात. १३३८ साली मंगळवेढ्याला गावकुसाचं काम करताना भिंत अंगावर पडली आणि चोखोबा गेले. पंढरपूरला त्यांची समाधी आहे, पण देवळाबाहेर, पायरीपाशी. त्या देवळाचं दार आपल्याला उघडायला १९४७ साल उजाडलं, तेही साने गुरुजी उपोषणाला बसले तेव्हा. ६०९ वर्षं! चंद्रभागेचं पाणी तेवढी वर्षं वाहतच होतं. वेळ मात्र पायरीशी तुंबून होती.

आज खडकपूर्णेवरच्या धरणाला संत चोखामेळा सागर म्हणतात. बरं झालं. पण ज्याला पाणवठा नाकारला त्याचं नाव पाण्याला दिलं म्हणजे हिशोब मिटला का? नाव देणं सोपं असतं. टेलपर्यंत सोडणं अवघड.

महाडचा हिशोब मांडू. ४ ऑगस्ट १९२३ ला मुंबईच्या कायदेमंडळात बोल्यांचा ठराव झाला. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले. १९२४ ला महाड नगरपालिकेनं चवदार तळं खुलं केलं. कागदावर. म्हणजे वरून वेळ सोडली होती! तरी आपल्या माणसाच्या ओठाला पाणी लागलं २० मार्च १९२७ ला, बाबासाहेब हजारोंना घेऊन तळ्यावर गेले तेव्हा. मग डोकी फुटली, शेणागोमूत्रानं तळं ‘शुद्ध’ झालं, कोर्टकज्जा झाला. हायकोर्टाचा निकाल आला १७ मार्च १९३७ ला. ठराव ते निकाल, साडेतेरा वर्षं. एका तळ्यासाठी. आणि यातलं एक वर्षही आपोआप सरकलेलं नाही. प्रत्येक वेळी कुणीतरी जाऊन दारावर खांदा लावलाय.

आता जिल्ह्यातल्या तिसऱ्या पाण्याचं सांगतो. लोणार. आकाशातून धोंडा पडला आणि पावणेदोन-दोन किलोमीटर रुंदीचा खड्डा झाला. कधी पडला? आधी सांगत ५२ हजार वर्षं. पुढच्या संशोधनात आकडा निघाला सुमारे ५ लाख ७० हजार. म्हणजे शास्त्रज्ञसुद्धा काळ नव्यानं मोजतात, चुकलं तर खोडतात. आपले धर्ममार्तंड मात्र मनूचा हिशोब खोडायला तयार नाहीत.

पण मला सांगायचंय ते वेगळं. लोणारला पाणी येतं, बाहेर पडायला वाट नाही. नदी निघत नाही. पाणी उन्हानं उडतं, खार तळाला राहतो. जून २०२० मध्ये पाणी कमी झालं, खार वाढला आणि तळं गुलाबी झालं. खारात जगणाऱ्या सूक्ष्म जिवांनी तो रंग चढवला होता. देशभर फोटो गेले. मग पाऊस आला, रंग उतरला.

दोस्तांनो, आपल्या चळवळीचं लोणार तर होत नाही ना? हजार वर्षांचा अपमान आपल्यात साचलाय. त्याचा खार खरा आहे, तो कुणाच्या बापाला नाकारता येणार नाही. पण जयंतीला रंग चढतो, फोटो निघतात, आठवड्यात उतरतो. बाहेर नदी निघत नाही. शिव्या मीही देतो. पण नुसत्या शिव्यांनी पाट वाहत नाही.

मग करायचं काय? दारं कुठं अडलीत ते शोधायचं. अत्याचारविरोधी कायदा १९८९ चा. त्याच्या आजच्या नियमांत तपास करून ६० दिवसांत आरोपपत्र दाखल करा असं लिहिलंय. पुढं शक्यतो दोन महिन्यांत खटला निकाली काढा, असं २०१५ ची दुरुस्ती म्हणते. ही वरून सोडलेली वेळ. आता शहरात राहणाऱ्या तुम्ही प्रत्येकानं आपल्या गावाकडची एक केस घ्या. वही काढा. फिर्याद कधी, आरोपपत्र कधी, किती तारखा पडल्या, साक्षीदार कधी फुटला, सगळं लिहा. पाणी कुठल्या दाराशी मुरलं ते त्या वहीत दिसेल. मग त्या दारावर जाऊ. एकटे नाही, सगळे.

वेळ येत नसते, भावांनो. ती आणावी लागते. महाडच्या तळ्याकडं चालत गेलेल्यांनी ती आणली, म्हणून आज आपण इथं बसून बोलतोय. आपल्यामागंही टेल आहे. तिथंही कुणीतरी फावडं घेऊन बसलंय.

जय भीम!