सर्फ, गाज आणि फुटणारी लाट

'सर्फ' हा शब्द आपल्यापैकी बहुतेकांना ठाऊक आहे, पण तो ठाऊक झाला कपड्यांमुळे. १९५९ साली हिंदुस्थान लिव्हर कंपनीने या नावाची धुण्याची पूड आपल्याकडे बाजारात आणली. पुढे पूड कोणत्याही कंपनीची असो, दुकानात जाऊन 'सर्फ द्या' म्हणायची सवय कितीतरी घरांना लागली. मग संगणक आला आणि मुले 'नेट सर्फिंग' करू लागली. टोकियोचे २०२० चे ऑलिंपिक प्रत्यक्षात २०२१ साली भरले, त्यात लाटेवर फळी टाकून तिच्यावर उभे राहण्याचा एक खेळ प्रथमच आला, त्याचेही नाव सर्फिंगच. म्हणजे साबण, संगणक आणि खेळ अशा तीन घरी हा शब्द नांदतो आहे. त्याचे माहेर कोणते, याचा शोध घेतला तर वाट थेट आपल्या देशाच्या किनाऱ्यापाशी येते. आज त्या माहेराकडे थोडे जाऊन येऊ.

आधी अर्थ नीट पाहू. सर्फ म्हणजे नुसती लाट नव्हे. लाटेला इंग्रजीत दुसरा शब्द आहे. किनाऱ्याजवळ येऊन लाट मोडते, तिचा पांढरा फेस होतो, पाणी वाळूवर धावत येते आणि मागे सरते. त्या साऱ्या खळबळीला, आणि ती जिथे चालते त्या पट्ट्याला, सर्फ म्हणतात. हा पट्टा धड जमीन नाही, धड समुद्रही नाही. शेताला बांध असतो, तसा हा समुद्राचा बांध. फरक इतकाच की तो दिवसातून दोनदा पुढे येतो आणि दोनदा मागे जातो.

लाट तिथेच का मोडते? वाऱ्याने ज्वारीचे उभे पीक डोलते ते तुम्ही रोज पाहता. लहर शेताच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत धावते, पण ताट आपल्या जागीच असते. खोल समुद्रात तसेच होते. लाट शेकडो कोस प्रवास करते. पाणी मात्र जवळजवळ जागच्या जागी वरखाली होते. किनारा जवळ आला, तळ वर आला, की लाटेचा पाय तळाला अडखळतो. पाय मागे राहतो, डोके पुढे जाते. उंबऱ्याला ठेच लागलेला माणूस जसा तोंडावर पडतो, तशी ती पडते. ढोबळ हिशेब असा की पाण्याची खोली लाटेच्या उंचीच्या सव्वापटीइतकी उरली की लाट फुटते. हा हिशेब ध्यानात ठेवा, कारण त्यातून एक उपयोगी गोष्ट निघते : लाट जिथे फुटते तिथे पाणी उथळ, आणि आजूबाजूला लाटा फुटत असताना मधेच एखाद्या ठिकाणी ती फुटत नसेल, तर तिथे पाणी बहुधा खोल. याकडे आपण पुन्हा वळणारच आहोत.

आता इतिहास. इंग्रजीत हा शब्द सोळाव्या शतकाच्या अखेरीस 'सफ' अशा काहीशा रूपात दिसतो आणि सतराव्या शतकात त्याचा 'सर्फ' होतो. कोशकार सांगतात की त्याचे आरंभीचे प्रयोग हिंदुस्थानच्या किनाऱ्याच्या वर्णनांत सापडतात. म्हणून काही जणांना वाटते की हा शब्द मुळात इथल्याच एखाद्या भाषेतला असावा. दुसरे म्हणतात, नाही, वाऱ्यापाण्याच्या सूंसूं आवाजाला इंग्रजीत एक जुना शब्द आहे, त्याच्यापासून हा आला. निकाल लागलेला नाही. शिक्षक मित्रांना एक विनंती मात्र करतो : कोणी तुम्हाला सांगेल की लाट सापासारखी येते, म्हणून 'सर्प'वरून 'सर्फ'. त्यावर विश्वास ठेवू नका. आवाज जुळला म्हणजे गोत्र जुळले असे शब्दांच्या बाबतीत होत नाही, आणि वर्गात सांगितलेली अशी चमकदार व्युत्पत्ती मुले आयुष्यभर विसरत नाहीत.

पण या शब्दाची गरज इंग्रजांना आपल्याकडे का पडावी, हे मात्र स्पष्ट दिसते. मुंबईचे बंदर निसर्गानेच दिलेले. गलबत शांत पाण्यात शिरून उभे राहू शकते. मद्रासची गोष्ट वेगळी. १६३९ साली कंपनीने तिथे जागा मिळवली ती उघड्या वाळूच्या किनाऱ्यावर. खाडी नाही, आडोसा नाही. जहाज दूर समुद्रात नांगर टाकी, आणि तिथून जमिनीपर्यंत माणसे, पेटारे, घोडे, सोन्याचांदीची नाणी, सारे काही फुटणाऱ्या लाटांच्या एकामागून एक असलेल्या ओळी ओलांडून आणावे लागे. सहा महिन्यांचा प्रवास सुखरूप पार पाडून आलेला माणूस शेवटच्या थोड्याशा अंतरात बुडे. ज्या पट्ट्यात असे घडते त्याला नाव लागणारच.

तो पट्टा ओलांडण्याची विद्या साहेबाजवळ नव्हती. ती तिथल्या नावाड्यांजवळ होती. त्यांच्या नावेला मसुला म्हणत. तिच्या फळ्या एकमेकींना काथ्याने शिवलेल्या असत, खिळा एकही नसे. खिळे ठोकलेली ताठ होडी लाटेने वाळूवर आपटली की फुटे. ही शिवलेली नाव आपटली की लवे. आणि तिच्या बाजूने ओंडके एकत्र बांधलेले तराफे चालत, नाव उलटली तर माणसे उचलून घेण्यासाठी. तमिळमध्ये 'कट्टु' म्हणजे बांधणे आणि 'मरम' म्हणजे लाकूड. त्या कट्टुमरमचे इंग्रजीत कॅटमरान झाले आणि आज जगभर जोडहोडीला त्याच नावाने ओळखतात. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस भिंती घालून मद्रासला कृत्रिम बंदर तयार झाले, तेव्हा कुठे या नावाड्यांचे काम सरले. म्हणजे पहा, दोनशेहून अधिक वर्षे 'सर्फ' हा भीतीचा शब्द होता.

मग त्याचा खेळ कसा झाला? त्यासाठी पॅसिफिक महासागरातल्या हवाई बेटांकडे जावे लागेल. कॅप्टन कुकची जहाजे तिथे १७७८ साली पोचली. पुढल्या वर्षी त्याच्या जेम्स किंग नावाच्या अधिकाऱ्याने लिहून ठेवले की ज्या लाटांपुढे आपण थांबतो त्यांच्यावर इथले लोक फळ्या घेऊन हौसेने जातात. त्या लोकांजवळ यासाठी शब्द होता, 'हेए नलू' : लाटेवर घसरणे. यातला 'नलू' म्हणजे लाट. पण त्याच शब्दाचा आणखी एक अर्थ आहे, मनात विचार घोळवणे. आपणही मनात तरंग उठले म्हणतोच की. ही दोन माणसे एकमेकांना कधी भेटली नाहीत, तरी पाण्याकडे पाहून त्यांना एकच गोष्ट सुचली.

हवाईचा ड्यूक कहानामोकू हा १९१२ च्या स्टॉकहोम ऑलिंपिकमध्ये पोहण्यात सुवर्णपदक मिळवणारा गडी. १९१४-१५ च्या दौऱ्यात त्याने ऑस्ट्रेलियात सिडनीजवळ फळीवर उभे राहून लाटेवरची स्वारी करून दाखवली आणि तो खेळ तिथे रुजला. आज त्या देशातल्या व्हिक्टोरिया राज्याच्या एका किनारपट्टीचे नावच 'सर्फ कोस्ट' आहे. पण ऑस्ट्रेलियातली एक गोष्ट मला खेळाहून मोलाची वाटते. तिथे १९०७ सालापासून 'सर्फ'मध्ये बुडणाऱ्यांना वाचवणारी मंडळे उभी राहिली. किनाऱ्यावर लाल-पिवळी दोन निशाणे रोवायची आणि लोकांनी त्या दोहोंच्या मध्येच पाण्यात उतरायचे, ही शिस्त त्यांनी लावली. खेळ आला, पण शब्दातली भीती त्यांनी पुसू दिली नाही. आपल्याकडेही चेन्नईजवळच्या कोवळम गावी कोळ्यांची पोरे आता फळ्या घेऊन लाटांवर जातात. पणज्यांनी त्याच लाटा तराफ्यावरून ओलांडल्या होत्या, तेव्हा त्यांना हे काही नवे शिकावे लागले असेल असे मला वाटत नाही.

आता आपल्या भाषेकडे येऊ. खेळाला मराठी नाव शोधण्याची खटपट मी तरी करणार नाही. क्रिकेटला 'चेंडूफळी' म्हणून पाहिले, ते काही टिकले नाही. खेळ सर्फिंगच राहू द्या. पण त्या पट्ट्यासाठी, त्या फुटण्यासाठी आपल्याजवळ काय आहे? आहे, आणि फार सुंदर आहे. इंग्रजाने ती जागा डोळ्यांनी पाहिली; कोकणातल्या माणसाने ती कानांनी ऐकली आणि तिला म्हटले 'गाज'. संस्कृत 'गर्ज्' धातूचे हे घरगुती रूप. सभा गाजते, नाटक गाजते, त्यातलाच हा गाज. रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या गाजेवरून समुद्र आज कसा आहे ते ओळखणारी माणसे किनाऱ्याच्या गावांत आहेत. त्याच्या जोडीला 'उधाण' आहे, अमावास्या-पौर्णिमेच्या मोठ्या भरतीसाठी; 'भांग' आहे, अष्टमीच्या सुमाराच्या लहान भरतीसाठी; 'पुळण' आहे, किनाऱ्याच्या वाळूसाठी. गोव्याकडे कोकणीत समुद्रकिनाऱ्याला 'वेळ' म्हणतात. संस्कृत 'वेला' शब्दाचे काळ, भरती आणि किनारा हे तिन्ही अर्थ होते. देशावर आपण त्यातला एकच, घड्याळाचा, ठेवून घेतला. किनाऱ्यावरच्या माणसाला मात्र कुठे जायचे हे कधी जायचे यावाचून ठरवताच येत नाही.

त्याचा हिशेबही तो तिथीवर करतो. तिथीची पाऊणपट केली की मुंबईकडच्या किनाऱ्याला भरती पूर्ण होण्याची वेळ साधारण निघते. एकादशी असेल तर अकराची पाऊणपट सव्वाआठ. म्हणजे सकाळी आणि रात्री सव्वाआठच्या सुमारास पाणी भरलेले, आणि मग ओहोटी. हिशेब ढोबळ आहे, पंधरावीस मिनिटे, कधी त्याहून जास्तही इकडेतिकडे होतील. पण पाचवीच्या मुलांना अपूर्णांक शिकवताना हे उदाहरण घालून पहा. आंब्यांच्या वाटणीपेक्षा ते मुलांना अधिक आवडेल.

कोळ्यांच्या अशा शब्दांना गावंढळ समजू नका. केरळच्या किनाऱ्यावर कधी कधी वारा नसताना, आभाळ निरभ्र असताना, अचानक मोठ्या लाटा घरांत शिरतात. त्या दक्षिणेकडच्या दूरच्या महासागरातल्या वादळांपासून निघून आलेल्या असतात. तिथले कोळी तिला 'कळ्ळक्कडल' म्हणतात, चोरासारखा येणारा समुद्र. शास्त्रज्ञांनी हाच शब्द उचलला, आणि हैदराबादची समुद्रविषयक माहिती देणारी सरकारी संस्था आज आपल्या इशाऱ्यांत तोच वापरते.

हे सारे मी तुम्हाला सांगतो आहे त्याला एक कारण आहे. आपल्यापैकी बरेच श्रोते देशावरचे, विदर्भ-मराठवाड्यातले. हिवाळ्यात शाळा-कॉलेजांच्या सहली कोकणात जातात. मुलांनी समुद्र पहिल्यांदाच पाहिलेला असतो. विहिरीत, कालव्यात पोहणारी पोरे धीट असतात, पण विहिरीचे पाणी माणसाला ओढून नेत नाही. १ फेब्रुवारी २०१६ रोजी मुरुड-जंजिऱ्याच्या किनाऱ्यावर पुण्याहून सहलीला आलेल्या कॉलेजच्या मुलांपैकी दहाहून अधिक मुले-मुली एका दुपारी बुडाली. असे प्रसंग त्याआधीही झाले, नंतरही झाले.

म्हणून आता त्या मघाच्या हिशेबाकडे वळू. लाटांबरोबर किनाऱ्यावर चढलेले पाणी कुठून तरी परत जायला हवे. ते वाळूतला एखादा खोलगट मार्ग शोधते आणि तिथून ओढ्यासारखे वेगाने समुद्रात निघते. तिथे तळ खोल, म्हणून लाट फुटत नाही. फेस नाही, गाज कमी, पाणी जरा गडद आणि शांत. नवख्या माणसाला दोन्ही बाजूंच्या खवळलेल्या पाण्यापेक्षा हीच जागा उतरायला बरी वाटते. तीच सर्वांत वाईट. ओहोटीला तिथली ओढ आणखी वाढते. तिच्यात सापडलेला माणूस किनाऱ्याकडे तोंड करून सरळ पोहू लागला तर दमतो आणि दमला की बुडतो. ओढ्याची रुंदी बहुधा फार नसते, तेव्हा अंग सैल सोडून तरंगावे आणि जमेल तसे किनाऱ्याला समांतर सरकत पांढऱ्या लाटांत यावे. त्या लाटाच मग किनाऱ्याकडे ढकलतात. आणि दुसऱ्याला बुडताना पाहून रिकाम्या हाताने मागोमाग उडी घालू नये. दोर, रिकामा प्लास्टिकचा डबा, मोटारीची फुगवलेली ट्यूब, जे तरंगेल ते फेकावे आणि गावातल्या माणसाला हाक मारावी.

सहल घेऊन गेलात तर गाडीतून उतरल्याबरोबर मुलांना पाण्याकडे सोडू नका. आधी गावातल्या एखाद्या कोळ्याला विचारा, 'मामा, ओढ कुठे आहे? भरती कधी लागेल?' मग मुलांना दहा मिनिटे पुळणीवर बसवा. पांढऱ्या फेसाची ओळ किनाऱ्याने कुठून कुठवर जाते ती त्यांना बोटाने दाखवायला सांगा, आणि ती मधेच कुठे तुटली आहे ते शोधायला लावा. वहीत त्याचे चित्र काढू द्या. ओळ जिथे तुटली असेल तिथे काठी रोवा, आणि त्या काठीच्या बाजूला कोणी फिरकणार नाही याची खबरदारी घ्या.