अंकोरचं तळं आणि आमची बुजवलेली ओघळ

कवठे महांकाळमधून बोलतोय. मागच्या भागानंतर बऱ्याच जणांनी विचारलं, "इतिहासाचे एवढे भाग केलेस, अंकोर वाटवर कधी करणार?" म्हणून आजचा भाग कंबोडियावर. पण सुरुवात आमच्या शेतातून करतो. का, ते शेवटी कळेल.

आमच्या द्राक्षबागेच्या वरच्या अंगाला गावाचा पाझर तलाव आहे. माझ्या लहानपणी पावसाळ्यात तो भरायचा. आता चांगला पाऊस झाला तरी अर्धाच राहतो. लोक म्हणतात, पाऊसमान बदललं. हे लक्षात ठेवा, आपण परत इथंच येणार आहोत.

तर कंबोडिया. तिथल्या ख्मेर लोकांचं राज्य इसवी सन ८०२ पासून मोजतात. त्या वर्षी दुसऱ्या जयवर्मन राजानं महेंद्रपर्वतावर स्वतःला चक्रवर्ती म्हणवून घेतलं. त्या डोंगराला आज कुलेन म्हणतात. राजांची नावं बघा: जयवर्मन, यशोवर्मन, सूर्यवर्मन. शिलालेख संस्कृतात आणि ख्मेरमध्ये. 'अंकोर' हा शब्दसुद्धा आपल्या 'नगर' वरूनच आलाय. वाट म्हणजे मंदिर. अंकोर वाट म्हणजे नगरातलं देऊळ, एवढं साधं.

ते बांधायला घेतलं बाराव्या शतकात, दुसऱ्या सूर्यवर्मननं. विष्णूचं देऊळ आणि तोंड पश्चिमेला. ओवरीत समुद्रमंथनाचा एकच शिल्पपट आहे, जवळजवळ ४९ मीटर लांब. एका बाजूला असुर, एका बाजूला देव, मध्ये वासुकी. रस्सीखेच चालू आहे असंच वाटतं. आणि दगड? पायाला आणि आतल्या भरावाला जांभा, आपल्या कोकणात घरं बांधतात तोच. वरचं कोरीवकाम वालुकाश्मात. तो कुलेनच्या पायथ्याशी काढायचा आणि कालव्यांतून पाण्यावरून आणायचा.

आता त्याच शतकात आपल्याकडं काय चाललं होतं? लांब जायला नको. कृष्णाकाठी खिद्रापूरला शिलाहार राजे कोपेश्वराचं देऊळ उभारत होते. तिथल्या स्वर्गमंडपात उभं राहून वर बघा. छताला मोठं गोल तोंड ठेवलंय आणि आभाळ थेट खाली उतरतं. भोवती ४८ खांब. यादव राजा सिंघणाचा तेराव्या शतकाच्या सुरुवातीचा शिलालेखही तिथं आहे. आणि अगदी घराजवळचं म्हणाल तर आपला दंडोबा. तिथं देव डोंगराच्या पोटात, गुहेत बसलाय. आपण काळ्या दगडाचे लोक, कोरणारे. ते सपाट मैदानातले लोक, डोंगर नव्हता म्हणून देवळाचाच डोंगर रचणारे. अंकोर वाटचे पाच कळस म्हणजे मेरू पर्वताची शिखरं.

पण मला खरं भुरळ पाडली ती तिथल्या पाण्यानं.

तिथं 'बाराय' नावाचे तलाव आहेत. पश्चिम बाराय अकराव्या शतकातला. लांबी ८ किलोमीटर, रुंदी २ किलोमीटरच्या वर. आणि हा तलाव खोल खणून केलेला नाही. सपाट जमिनीवर चारी बाजूंनी मातीचे बांध घातले आणि आत पाणी साठवलं. पाणी आजूबाजूच्या जमिनीपेक्षा उंच, त्यामुळं दार उघडलं की आपल्या उतारानं शेतात. आपलं शेततळं आठवा. माती उपसून कडेला बांध घालतो ना, तीच युक्ती. फक्त प्लॅस्टिकचा कागद नाही आणि मोटारही नाही.

या सगळ्याला पाणी यायचं कुलेन डोंगराकडून. वाटेत क्बाल स्पीन नावाची जागा आहे. तिथं नदीच्या तळाच्या खडकात शेकडो शिवलिंगं कोरलीत, सोबत शेषावर पहुडलेला विष्णू. पाणी त्यांच्यावरून वाहत खाली जातं. म्हणजे अख्ख्या नदीचाच अभिषेक! मला यात भक्तीइतकीच हुशारीही दिसते. ज्या ओढ्यात देव बसलाय, तो ओढा कोण बुजवेल?

तरीही अंकोर ओस पडलं. शाळेच्या पुस्तकात एका ओळीत उरकतात: १४३१ मध्ये अयुथ्थयाच्या फौजेनं ते जिंकलं. पण व्हिएतनामच्या डोंगरातल्या जुन्या झाडांच्या खोडांतली वलयं संशोधकांनी मोजली. पाऊस कमी त्या वर्षी वलय बारीक, जास्त त्या वर्षी जाड. त्यातून दिसलं की चौदाव्या शतकात तिथं कित्येक वर्षं दुष्काळ होता आणि मधूनच जबरदस्त पावसाळे आले. दुष्काळानं मोडकळीला आलेले कालवे पुरानं फोडले.

आणि अजून एक गोष्ट. अंकोर थोम या राजधानीच्या खंदकातला गाळ काढून तपासला, तर चौदाव्या शतकाच्या अखेरीला खंदकात पाणवनस्पती माजल्या होत्या. म्हणजे शत्रू येण्याच्या आधीच साफसफाई थांबलेली. शहर एका लढाईत पडलं नाही. कुणीतरी एका वर्षी गाळ काढला नाही, पुढच्या वर्षीही काढला नाही, आणि मग ती सवयच मोडली.

हे वाचलं त्या रात्री मला झोप आली नाही. खरं सांगतो. कारण आमच्या तलावात पाणी आणणारी एक ओघळ होती आणि ती आमच्याच रानातून जायची. मी सातवीत असताना आम्ही ती ट्रॅक्टरनं सपाट केली. दोन गुंठे जमीन वाढली, द्राक्षाच्या दोन ओळी बसल्या. त्या ओळींच्या पैशातून माझी फी गेली असणार.

मी आबांना म्हणालो, "आबा, ती ओघळ परत मोकळी करूया."

आबा म्हणाले, "आरं, वर्सातनं चार दिस पाणी येतंय तिथनं. चार दिसासाठी दोन गुंठं मोकळं सोडू व्हय? म्हैसाळचं पाणी हाय की."

त्यांचंही चूक नाही. म्हैसाळ योजनेचं आवर्तन आलं म्हणून बागा जगल्या. कृष्णेचं पाणी टप्प्याटप्प्यानं उचलून आपल्या पर्जन्यछायेत येतं, हे काही लहान काम नाही. बारायपेक्षा कमी नाही. पण ते विजेवर येतं, कालव्यातून येतं, आणि कालवा म्हटलं की गाळ आलाच. शिवाय त्या चार दिवसांच्या पाण्यावरच तर पाझर तलाव भरायचा आणि खालच्या विहिरी वर यायच्या. खाली ज्यांच्या विहिरी आहेत, त्यांनी आम्हाला आजपर्यंत एका शब्दानं विचारलेलं नाही. ते मला जास्त लागतं.

आबा अजून हो म्हणालेले नाहीत. मी एकच केलंय, मोजणीचा जुना नकाशा काढून ओघळीची रेघ त्यावर लाल पेनानं गिरवली आणि तो सोप्यात लावला. येता-जाता ते बघतात. परवा म्हणाले, "रेघ जरा वरनं काढलीयास. वघळ खालनं जाती." म्हणजे त्यांना अजून नेमकी आठवते.

पश्चिम बारायच्या पश्चिमेकडच्या अर्ध्या भागात आजही पाणी आहे, मंडळी. हजार वर्षांनंतरही. तुमच्या गावच्या तलावात पाणी कुठून यायचं, ते घरातल्या म्हाताऱ्या माणसांना विचारा आणि मला व्हॉइस नोट पाठवा. पुढचा भाग तुमच्याच आवाजात करू. भेटू, राम राम!