अर्ज आणि पटकथा



शिबिरात सिनेमावर बोल म्हणालात, तेव्हा मी आधी नाहीच म्हटलं. आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीकडे वेड नाटकाचं. धान निघालं की झाडीपट्टीची नाटकं रात्र-रात्र चालतात. पण सिनेमा लिहिणारी बाई म्हटल्यावर समृद्धी पोरे यांचं नाव आठवलं. मुंबई उच्च न्यायालयात वकिली करणारी ही बाई एका खटल्यामुळे पटकथेकडे वळली.

'मला आई व्हायचंय!' २०११ साली आला. लेखन, दिग्दर्शन त्यांचंच. मराठीतल्या उत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. त्यातली यशोदा विदर्भातली गरीब बाई. पैशासाठी ती एका परदेशी बाईचं मूल पोटात वाढवते. मूल व्यंग घेऊन जन्मेल असं कळताच ती बाई पाठ फिरवते. मूल जन्मतं धडधाकट, गोरंपान, आणि यशोदेच्या अंगणात मराठी बोलत मोठं होतं. मग ती परत येते, मूल मागायला.

कोर्टाला विचारायचं असतं एवढंच, की मूल कुणाचं. नऊ महिने कुणी काय सोसलं, याला कागदावर रकाना नसतो. तो पोरेबाईंनी पटकथेत काढला. हे बोलताना मला माझीच लाज वाटते. मागच्या पावसाळ्यात एका बाईचा पोटगीचा अर्ज मी लिहिला. दोन तास ती सांगत होती: रोवणी, निंदण, उन्हाळ्यात तेंदूपत्ता, आणि सगळी मजुरी नवऱ्याच्या हाती. अर्जात काय उतरलं? 'अर्जदार घरकाम करते.' लिहिणारी मीच.

याच चित्रपटावरून २०२१ साली हिंदीत 'मिमी' निघाला. यशोदेच्या जागी राजस्थानातली, नटी व्हायला निघालेली नाचणारी मुलगी आली. मुलीनं स्वप्न बघावं, माझी तक्रार नाही. पण गरजेची जागा हौसेनं घेतली की गोष्ट हलकी होते. त्याच वर्षी सरोगसीचा कायदा झाला, पैसे घेऊन दुसऱ्याचं मूल वाढवायला बंदी आली. शोषण थांबायलाच हवं. पण यशोदेला तो पैसा कशासाठी लागत होता, हे कायदा विचारत नाही. यावर आपण दुपारच्या गटात भांडूया.

पोरेबाईंचा दुसरा चित्रपट तर आपल्या भामरागडचा: 'डॉ. प्रकाश बाबा आमटे – द रिअल हीरो', २०१४. हेमलकशाचा लोक बिरादरी प्रकल्प १९७३ साली सुरू झाला. मंदाताई स्वतः डॉक्टर, भूलतज्ज्ञ. मॅगसेसे पुरस्कार २००८ साली दोघांना मिळून दिला गेला. सिनेमात सोनाली कुलकर्णींनी मंदाताई केल्या आहेत, पण नावात मात्र एकटे डॉक्टरच. बाईनं लिहिलेल्या सिनेमाचं हे! हा निर्णय लेखणीचा की तिकीटबारीचा, हे मला पोरेबाईंना एकदा विचारायचंय. आणि ज्यांच्यासाठी तो दवाखाना उभा राहिला, त्या माडिया बायांनी हीच गोष्ट सांगितली तर ती कुठून सुरू होईल, हेही मनात येतं.

त्या पोटगीच्या अर्जाची दुरुस्ती करून द्यायची आहे. परवा मी त्या बाईकडे जातेय. निरोप पाठवला तर ती म्हणाली, "या ना ताई. पण या वेळी अंगठा घ्यायच्या आधी मला वाचून दाखवा."