आधी वाद घालू द्या



स्टेशनावरून इथं येताना संयोजकांनी गाडीत मला अगदी प्रेमानं दोन गोष्टी सांगितल्या. धर्मांतराचा विषय नको, आणि मराठी-कोंकणीचा तर मुळीच नको. संमेलनाचं सूत्र ‘धर्मसंवाद’, ठिकाण मडगाव, आणि नेमके हेच दोन विषय वर्ज्य. मग अध्यक्षानं बोलायचं कशावर, पावसावर? कार्यक्रमपत्रिका उघडून पाहिली. दीपप्रज्वलन, स्वागतगीत, तीन धर्मांच्या तीन प्रतिनिधींची मनोगतं, अध्यक्षीय भाषण, आभार. प्रश्नोत्तरं कुठंच नाहीत.

तिन्ही मनोगतं मी लक्ष देऊन ऐकली. आपला धर्म शांतीचा आहे असं तिघांनीही सांगितलं. तिघांना शाल मिळाली, नारळ मिळाला. कुणी कुणाला काही विचारलं नाही. वधूवर मेळाव्यात याहून जास्त चौकशी होते. मधेच तिसऱ्या रांगेतल्या एका मुलीनं हात वर केला, तेव्हा निवेदकांनी तिला खुणेनं ‘नंतर’ म्हणून सांगितलं. पत्रिकेत ‘नंतर’ नाही, हे तिला कुणी सांगितलं नाही.

‘सगळे धर्म शेवटी एकच सांगतात’ हे वाक्य आज या माईकवरून चार वेळा आलं. मला ते मान्य नाही. तेरा ऑक्टोबर 1935 ला येवल्यात बाबासाहेबांनी हिंदू म्हणून मरणार नाही असं जाहीर केलं आणि चौदा ऑक्टोबर 1956 ला नागपुरात बौद्ध धम्म स्वीकारला. मधे एकवीस वर्षं गेली. सगळे धर्म एकच सांगत असते तर या माणसानं एवढी वर्षं वाचण्यात, पारखण्यात कशाला घालवली असती? ‘सगळं एकच’ म्हणणारा मोठ्या मनाचा वाटतो. खरं तर त्याला समोरच्याचं ऐकायचा कंटाळा असतो. शेवटी एकच निघणार असेल तर ऐकायचं तरी कशाला?

आपल्याकडच्या नैयायिकांनी, म्हणजे न्यायशास्त्राच्या पंडितांनी, बोलण्याचे तीन प्रकार पाडले होते: वाद, जल्प आणि वितंडा. खरं काय ते कळावं म्हणून, प्रमाणं आणि तर्क यांच्या आधारानं चालतो तो वाद. काहीही करून जिंकायचं म्हणून शब्दच्छल, आडवळणं, कोंडी, सगळं चालवून घेतो तो जल्प. स्वतःची बाजू न मांडता नुसतं दुसऱ्याचं पाडत बसणं म्हणजे वितंडा. रात्री नऊ वाजता टीव्हीवर जल्प असतो, मोबाईलवर चोवीस तास वितंडा. आणि आपण आज इथं जे केलं त्याला नैयायिकांकडे नावच नाही, कारण कुणी कुणाशी न बोलताही सभा होते, हे त्यांच्या स्वप्नातही आलं नसावं.

वाद या शब्दाला मराठीत उगाच वाईट वास लागला आहे. वादाची पहिली अट पूर्वपक्ष. समोरच्याचं म्हणणं इतकं नीट मांडायचं की त्यानं म्हणावं, बरोबर, हेच म्हणतोय मी. ते मांडून झाल्यावरच खंडनाला तोंड उघडायचं. दुसरी अट मला त्याहून महत्त्वाची वाटते. दृष्टान्त दोघांनाही मान्य हवा, शास्त्र्यालाही आणि साध्या माणसालाही. म्हणून त्यांचं उदाहरण स्वयंपाकघरातलं: चुलीवर धूर दिसतो तिथं विस्तव असतो. देव एक की अनेक, आत्मा आहे की नाही, यावर कडाक्याचं भांडण असणारी माणसंही त्या चुलीपाशी येऊन एकमेकांशी बोलू शकत होती. आपण मात्र सुरुवातच देवापासून करतो आणि चुलीपर्यंत कधी पोचत नाही.

हे जुनं झालं म्हणाल, तर 1983 मध्ये पुण्यात मे. पुं. रेगे आणि दया कृष्ण या तत्त्वज्ञांनी न्यायाचे पंडित आणि इंग्रजीत शिकलेले तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक समोरासमोर बसवले. चर्चा संस्कृतात, विषय बर्ट्रांड रसेलचा. पंडितांनी रसेलला नमस्कार केला नाही की हाकलूनही दिलं नाही. त्याचं म्हणणं आपल्या परिभाषेत घालून तपासायला घेतलं. मराठी वाचकाला या बैठकांची फारशी खबर नाही, कारण तिथं हाणामारी झाली नाही.

पण नुसत्या अटींनी भागत नाही, हे ‘मिलिंदपञ्हा’नं फार पूर्वी ओळखलं. यवन राजा मिलिंद भिक्खू नागसेनाला म्हणतो, चला, चर्चा करू. नागसेन विचारतो, कशी? पंडित करतात तशी, की राजे करतात तशी? पंडितांच्या चर्चेत माणूस पेचात सापडतो, सोडवला जातो, चूक कबूल करतो, आणि कुणी रागावत नाही. राजांच्या चर्चेत न पटणाऱ्याला दंड होतो. राजानं पंडितवाद कबूल केला, मगच नागसेन बोलला. संवादाच्या तत्त्वज्ञानावरच्या कितीतरी जाड ग्रंथांत मला हा एवढा प्रश्न सापडला नाही: हरणाऱ्याचं काय होणार?

आता तुमच्या साष्टीकडे, या मडगावच्या तालुक्याकडे, येतो; वाट मात्र फत्तेपूर सिक्रीवरून जाते. संयोजकांनी कृपया पाण्याचा ग्लास जवळ घ्यावा.

फत्तेपूर सिक्रीला अकबरानं 1575 मध्ये इबादतखाना बांधला. 1580 मध्ये गोव्याहून जेझुइट पाद्री तिथं पोचले, त्यांचे पुढारी रुदोल्फ आक्वाविवा. मुल्लांशी कडाडून वाद झाले. एकदा तर गोष्ट आगीवर आली, की दोघांनी आपापला ग्रंथ घेऊन जाळात उतरावं आणि खरं कोण ते ठरावं. गंमत अशी की अबुल फजल लिहितो, ही सूचना पाद्र्याची आणि कच मुल्लांनी खाल्ली. जेझुइटांच्या कागदांत सूचना मुसलमानांच्या बाजूची आणि नकार पाद्र्याचा. एवढं होऊनही आक्वाविवा बादशहाच्या दरबारातून सुखरूप परत आले. आणि 1583 च्या जुलैत इथून गाडीनं अर्ध्या तासावर, कुंकळ्ळीत, आणखी चार जेझुइटांसह मारले गेले. ते गावात क्रूस उभारायला, चर्चसाठी जागा पाहायला आले होते. गावकऱ्यांच्या डोळ्यांपुढे साष्टीतली पाडलेली देवळं होती. वाद त्यांनीही घातला नाही, कोयते उचलले.

त्यानंतर काय झालं ते इथल्या पोराटोरांनाही ठाऊक आहे. बोलणी करू म्हणून पोर्तुगीजांनी कुंकळ्ळीच्या गांवकरांना, म्हणजे गावच्या प्रमुखांना, असोळण्याच्या किल्ल्यात बोलावलं. सोळा जण गेले. चौकशी नाही, खटला नाही, तिथंच ठार केले. एक जण उडी टाकून निसटला असं सांगतात. नागसेन ज्याला राजवाद म्हणतो तो हा, आणि त्याच्या निमंत्रणातही ‘बोलणी’च लिहिलेली होती. त्या पाच पाद्र्यांना रोमनं 1893 मध्ये धन्य घोषित केलं. गांवकरांना स्मारक मिळायला विसावं शतक उलटावं लागलं.

याच साष्टीत, राशोलला, 1616 मध्ये फादर थॉमस स्टीफन्स यांचं ‘क्रिस्तपुराण’ छापून निघालं. आम्ही मराठी माणसं स्टीफन्सवर खूष असतो, कारण त्यांनी आमच्या भाषेचं कौतुक केलं. कौतुकाच्या त्या ओव्या प्रत्येक साहित्य संमेलनात ऐकू येतात. त्याच ग्रंथाच्या आरंभी एक प्रश्न आहे, तो कुणी म्हणत नाही. नवख्रिस्ती श्रोत्यांतला एक जण पाद्री गुरूला विचारतो: आमची जुनी पुराणं तुम्ही बंद केलीत, मग वाचायला दुसरं काही का देत नाही? या प्रश्नापाशी मी दर वेळी थांबतो. विचारणाऱ्याच्या हातून त्याची पुस्तकं आधीच गेली आहेत. स्टीफन्स यांनी त्याला नवं पुराण दिलं, आणि ते सुंदर दिलं. पण तो आता पूर्वपक्ष मांडणार कशाच्या आधारावर? आणि पुढे 1684 मध्ये पोर्तुगीज राज्यकर्त्यांनी लोकांच्या तोंडातली भाषाच सोडवायचा हुकूम काढला. माझा स्टीफन्स यांच्यावर राग नाही. राग आहे तो या गोष्टीला नुसतं ‘सांस्कृतिक संगम’ म्हणून मोकळं होणाऱ्यांवर.

आणि आमच्या बाजूच्या मंडळींनी टाळ्या वाजवायची घाई करू नये. पैठणच्या एकनाथांचा ‘हिंदू-तुर्क संवाद’ उघडून पाहा. तुर्क पुराणातल्या देवांची लफडी काढतो, हिंदू विचारतो की देव सगळीकडे आहे तर एकाच दिशेला तोंड का. दोघं एकमेकांना मूर्ख ठरवतात, काही शिल्लक ठेवत नाहीत, आणि मग आलिंगन देतात. आज हे भारूड एखाद्या चौकात नव्यानं लिहून सादर करा. मध्यंतराच्या आत न्याय संहितेच्या कलम 299 खाली तक्रार जाईल, आणि तक्रार द्यायला दोन्ही बाजू एकाच रिक्षातून जातील. नाथांचं आलिंगन सगळ्यांना हवं आहे, त्याआधीचं भांडण कुणाला नको.

जोतीराव फुल्यांचं ‘सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक’ त्यांच्या मृत्यूनंतर, 1891 मध्ये, प्रसिद्ध झालं. त्यात एक घर आहे. बाईनं बौद्ध ग्रंथ वाचून हवं तर तो धर्म घ्यावा, नवऱ्यानं बायबल वाचून ख्रिस्ती व्हावं, मुलीनं कुराण वाचून मुसलमान व्हावं, मुलानं सत्यधर्मी व्हावं, आणि चौघांनी एका छपराखाली द्वेषाविना राहावं. प्रत्येक जण वाचून ठरवतो, आणि ठरवल्यावर कुणाला घराबाहेर काढलं जात नाही. धर्मांतर हा वर्ज्य विषय नसलेलं मराठीतलं मला माहीत असलेलं हे एकच घर.

आता तुमची घरं. माझा एक मित्र गेल्या वर्षी शहरात भाड्यानं जागा शोधत होता. एजंटनं बजेट विचारलं, बेडरूम किती विचारल्या, मग आडनाव विचारलं. आडनाव ऐकल्यावर म्हणाला, ‘सर, मालक खूप चांगले आहेत, पण सोसायटीचं असं आहे की...’ वाक्य त्यानं पूर्ण केलं नाही. मित्रानंही करायला लावलं नाही, सवय आहे. हा आपला दृष्टान्त. धूर कुठला आणि विस्तव कुठला, हे समजायला कुठल्याही धर्मग्रंथाची गरज नाही. या सभागृहात सोसायटीचे अध्यक्ष, सचिव नक्की बसले असतील. तुमच्या बिल्डिंगच्या नियमावर तिन्ही मनोगतकार एकमेकांना काय विचारतील, ते मला ऐकायचं आहे.

माझी दहा मिनिटं शिल्लक आहेत, ती मी वापरणार नाही. आभाराचा कागद निवेदकांनी खिशात ठेवावा. मनोगतकारांनी शाली घडी करून बाजूला ठेवाव्यात, गरम होतंय. तिसऱ्या रांगेत माईक द्या. हो, त्याच मुलीला. बोल बाळ, कुणाला विचारायचं होतं?